आकड्यांत रडलेली बाई

ऑक्टोबरातल्या एका शनिवारी सकाळी तेस्ताच्चोच्या मंडईत भाजीवाल्या आर्जियाने चिकोरीची जुडी हातात देता देता सेत्तीमियाला अडवलं. "अगं, थांब की जरा. ही माझी नणंद, वेल्लेत्रीहून आलीये. तुझा तो सिनेमा हिनं तीनदा पाहिलाय. म्हण ना हिच्यासाठी ते वाक्य. खिडकीतलं." सेत्तीमियाला इस्त्रीच्या दुकानात आठला पोचायचं होतं आणि सात वाजून पन्नास मिनिटं झाली होती. पण नणंदबाई हात एप्रनला पुसून समोर उभीच राहिली, कुणी फोटो काढणार असावं तशी. तेव्हा सेत्तीमियाने पिशवी खाली ठेवली, घसा साफ केला आणि म्हटलं, "जा. पण जाताना दार उघडं ठेवून जा." नणंद वाट पाहत राहिली. मग ओशाळून म्हणाली, "तसं नाहीये ते." "कसं आहे मग?" "ते कसं मऊ येतं हो, आतून. तुम्ही दम दिल्यासारखं म्हटलंत." आर्जिया मध्ये पडली, "सर्दी झालीये बिचारीला, दिसत नाही का?" तोवर नणंदेने स्वतःच छातीवर हात ठेवून, मान जराशी कलती करून ते वाक्य म्हणून दाखवलं आणि पलीकडच्या मासळीवालीने टाळ्या वाजवल्या. "बघ, अस्सं!" मासळीवाली म्हणाली. "शिकून घे हिच्याकडून." सगळे हसले. सेत्तीमियाही हसली. चार बायकांत आपली फजिती झाली की हसून मोकळं होण्यासारखा दुसरा उपाय नाही, एवढी अक्कल तिला सत्ताविसाव्या वर्षी आली होती.

कत्तलखान्याच्या भिंतीपर्यंत ती झपाझप चालत आली आणि तिथे उगाचच थांबली. तिला सर्दी झालेली नव्हती. तिचा आवाज तसाच होता, जाडाभरडा, तळाशी खडे असलेला. पण तिला लागलं होतं ते वेगळंच. ते वाक्य तिने आयुष्यात पहिल्यांदा आज उच्चारलं होतं. पडद्यावर तिच्या तोंडून ते लाखो लोकांनी ऐकलं असेल, नणंदेने तीनदा ऐकलं होतं, पण ती खिडकीत उभी असताना तिच्या तोंडून प्रत्यक्षात जे निघालं होतं ते होतं, 'एकतीस, बत्तीस, तेहतीस, चौतीस'. चार वर्षांपूर्वीच्या वसंतात लांदूच्ची नावाचा दिग्दर्शक आपले शर्ट न्यायला इस्त्रीच्या दुकानात आला होता. वाफेतून तिचं तोंड पाहून तो शर्ट विसरला आणि म्हणाला, "इकडे बघ. आता तिकडे बघ. रडता येतं का?" ती म्हणाली, "कामावर असताना नाही." याच उत्तरावर त्याने तिला घेतलं, असं तो पुढे सगळ्यांना सांगत असे. पहिल्या दिवशी तिने विचारलं, मी बोलायचं काय? तो म्हणाला, "काहीही. आवाज मागाहून भरतात. तू आकडे मोज. दुःखाने मोज, एकतिसापासून. तेहतिसाला डोळ्यांत पाणी आण." आजूबाजूला सुतार ठोकत होते, जनरेटर घरघरत होता, लांदूच्ची भोंग्यातून ओरडत होता, "हळू! अजून हळू! तो निघाला, तो गेला, तेहतीस!" आणि तिच्या डोळ्यांतून खरोखर पाणी आलं. नव्या नोकरीत पहिल्या दिवशी जे सांगतील तीच तिथली रीत, असं माणूस समजतो, तसंच तिने समजून घेतलं. सात चित्रपटांत ती मोजत आली. रागाने पन्नास ते साठ, लाजून एक ते नऊ. एकदा एका नटाला तिने 'दोनशे सात' म्हणत अशी थोबाडीत दिली होती की त्याचा दात हलला.

तो पहिला चित्रपट बघायला ती आईला घेऊन गेली होती. आई, दोमितिल्ला, शिंप्याकडची काजं-बटणं घरी करायची. त्या दिवशी तिने चांगला काळा झगा घातला होता आणि जिन्यावरच्या प्रत्येक शेजारणीला कुठे चाललो ते सांगितलं होतं. खिडकीचा प्रसंग आला. सेत्तीमियाचं तोंड भिंतीएवढं झालं, ओठ उघडले आणि त्यांतून भलतीच बाई बोलली. सेत्तीमियाला आधी वाटलं, यंत्र बिघडलं. मग तिने आजूबाजूला पाहिलं, तर लोक रुमाल काढत होते. आवाज सुंदर होता यात वाद नाही. उबदार, मखमली, शिकलेला. त्या आवाजाच्या बाईने कधी कोळशाची इस्त्री उचलली नसेल, कधी रांगेत भांडण केलं नसेल. आई मात्र मोठ्याने म्हणाली, "ही आपली नव्हे," आणि सरळ उठून बाहेर गेली. रस्त्यावर सेत्तीमियाने तिला गाठलं तर ती भिंतीला टेकून उभी होती. "आई, अगं सगळ्यांचं असंच करतात." "करू देत." "पण तोंड माझंच आहे ना?" आईने तिच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. "मला दोन मुली होत्या. एकीचा आवाज आता कुठेच नाही. दुसरीचा आहे, तेवढाच आहे. तुझ्या तोंडातून तो काढून घेतलेला मी बघायचा नाही, सांगून ठेवते." त्यानंतर पुढच्या सहा चित्रपटांच्या वेळी आईला नेमकं डोकं दुखायचं.

आणि तो आवाज तरी असा का झाला होता? लहानपणी तो तसा नव्हता. सान लोरेन्सोत राहत असताना ती चर्चच्या गाणाऱ्यांत पहिल्या रांगेत असे. एकोणीस जुलैला, त्रेचाळीस साली, सकाळी अकराच्या सुमाराला बॉम्बफेकी विमानं आली तेव्हा आई पाण्याच्या रांगेत होती, सेत्तीमिया कामावर आणि धाकटी इओले घरी, ताप होता म्हणून. सेत्तीमिया धावत पोचली तर गल्लीच नव्हती. विटांचा एक डोंगर होता आणि त्यावर पांढरी धूळ पीठ सांडल्यासारखी. खणणारे म्हणाले, आवाज देत राहा, खाली कुणी जिवंत असेल तर उत्तर देईल, मग कुठे खणायचं ते कळेल. म्हणून ती हाका मारत राहिली. तीन दिवस. पाणी प्यायला थांबली की भीती वाटायची, आत्ताच उत्तर आलं असेल आणि आपण ऐकलं नसेल. दुसऱ्या दिवशी घशातून रक्त आलं. तिसऱ्या दिवशी आवाज येईना, तरी ती तोंड उघडून हाका मारतच होती. चौथ्या दिवशी इओले सापडली. ती पहिल्याच क्षणी गेली असणार, असं डॉक्टर म्हणाला, म्हणजे समजूत काढायला म्हणाला की खरंच, हे कुणाला ठाऊक. मावशीने त्यांना तेस्ताच्चोला आणलं. घसा भरला, पण वाकडातिकडा भरला. सेत्तीमियाला त्याचं दुःख वाटलं नव्हतं कधी. तिला वाटायचं, त्या तीन दिवसांचं दुसरं काहीच आपल्याजवळ उरलेलं नाही, फोटो नाही, फ्रॉक नाही. आहे तो हा एवढा घसा. आणि आपण चार वर्षं तो दारात चपला काढाव्या तसा बाहेर काढून आत गेलो, हे कत्तलखान्याच्या भिंतीपाशी उभं असताना तिच्या लक्षात आलं. तिला स्वतःचा भयंकर राग आला. दुकानात ती साडेआठला पोचली आणि मालकिणीची बोलणी खाली मान घालून ऐकली, पण ऐकताना तिचं ठरून गेलेलं होतं.

सोमवारी ती लांदूच्चीला भेटायला स्टुडिओच्या कँटीनमध्ये गेली. तो मुळा खात होता, मीठ लावून, एकामागून एक. त्याच्या नव्या चित्रपटात तिला दोन प्रसंग होते, एका गिरणीकामगाराच्या बायकोचे. ती बसली नाही. "साहेब, ह्या वेळी मी स्वतः बोलणार." "बोल की. मी कुठे तोंड धरलंय?" "इथे नाही. पडद्यावर." त्याने मुळा खाली ठेवला. तो वाईट माणूस नव्हता. वाईट असता तर तिला सोपं गेलं असतं. "बाळ, तुझं तोंड म्हणजे सोनं आहे. पण तुझा आवाज... कसं सांगू? गाडीभर खडी ओतल्यासारखा आहे." "गिरणीकामगाराची बायको काय बासरीत बोलते?" शेजारच्या टेबलावरचे दोघे हसले, म्हणून तो चिडला. "ऐक. तोरिनोच्या निर्मात्याला तू आवडलीयेस. पुढच्या वर्षीच्या चित्रपटात दुसरी नायिका. भिंतीवरच्या पोस्टरवर नाव येईल तुझं, दीड वीत अक्षरांत. त्याला कटकट करणारी बाई चालत नाही. ते हवं असेल तर हे डोक्यातून काढ." "आणि नाही काढलं तर?" "तर ते दुसरीला मिळेल. मी काही करू शकणार नाही." सेत्तीमियाला पोस्टर दिसलं. खरंच दिसलं, मंडईच्या कोपऱ्यावरच्या भिंतीवर, ओल्या खळीचा वास येत असलेलं. आपल्याला ते हवं आहे हेही तिला स्पष्ट कळलं. पोटात भूक कळते तसं कळलं. ती म्हणाली, "मग द्या दुसरीला. पण ह्या चित्रपटात मी बोलणार. नाहीतर गुरुवारी मी येत नाही." गुरुवारी चित्रीकरण होतं आणि पहिला प्रसंग, तिने पाठमोरं बादली नेण्याचा, आधीच होऊन गेला होता. दुसरीला घेऊन तो प्रसंग पुन्हा करायचा म्हणजे पाव दिवस वाया. लांदूच्चीने उरलेला मुळा मिठात बुडवला. "डबिंगवाला बोनेल्ली तीन संधी देईल," तो शेवटी म्हणाला. "तीन. नाही जमलं तर नेहमीची बाई. कबूल?" "कबूल."

गुरुवारी तिचा नवरा झालेल्या नटाने पंचविसापासून मोजायला सुरुवात केली आणि तिने वाक्यं म्हटली. पाठ केलेली, खरी. अंगणातल्या नवऱ्याला जिन्यातून जेवायला बोलवायचं, एवढाच प्रसंग. 'ये आता. सूप निवतंय. किती वेळ हाका मारायच्या?' लांदूच्ची भोंग्यातून ओरडला, "काय बोलतेयस तू?" "संवाद!" "कुणी सांगितलं?" "लिहिणाऱ्याने!" सुतारांनी हातोडे थांबवले आणि एकाने शिट्टी वाजवली. नट बिचारा गोंधळून एकोणतिसावरून परत पंचविसावर आला. तिला मात्र विलक्षण हलकं वाटलं. तोंड उघडावं आणि आपण जे म्हणतो तेच त्यातून निघावं, यात सुख असेल असं तिला आधी कुणी सांगितलं असतं तर तिने त्याला वेड्यात काढलं असतं.

डबिंगची खोली तळघरात होती. भिंतींना जाड पडदे, मध्ये माइक, समोर लहानसा पडदा, आणि काचेपलीकडे यंत्रावर बसलेला एक मख्ख चेहऱ्याचा माणूस. बाकावर पन्नाशीची एक लठ्ठ बाई हिरवा स्वेटर विणत होती. सेत्तीमियाला पाहून तिने सुया मांडीवर ठेवल्या आणि म्हणाली, "आलीस! ये, बस. अगदी कमी उंचीची निघालीस की गं!" तो आवाज ऐकून सेत्तीमिया दारातच थांबली. खिडकीतला आवाज. थोबाडीत देतानाचा आवाज. आपण आरशापुढे उभे आहोत आणि आरशाने नमस्कार केला, असं तिला झालं. बाईचं नाव एलिदे वित्तोरी. सातही चित्रपटांत सेत्तीमियाच्या तोंडून तीच बोलली होती. "तुझ्या नवऱ्याला, असला तर, तुझ्याबद्दल जेवढं ठाऊक नसेल तेवढं मला आहे," ती म्हणाली. "चिडलीस की तू डाव्या बाजूने श्वास घेतेस. आणि ते आकडे! जीव नकोसा केलास माझा. चार आकड्यांत अख्खं वाक्य कसं कोंबायचं? त्या खिडकीत बत्तीस नि तेहतीसच्या मध्ये तू एकदम श्वास घेतलास. कागदावर नुसतं 'जा, जाताना दार उघडं ठेवून जा' असं होतं. तुझ्या श्वासाच्या जागी काय भरू, सुचेना. मग मी 'पण' घातलं. लोक त्या 'पण'वरच रडतात." सेत्तीमिया तिच्याशेजारी बाकावर टेकली. मग म्हणाली, "आज मी तुमचं काम काढून घ्यायला आलेय. राग आला असेल." एलिदेने सुया पुन्हा उचलल्या. "आलाय. चांगलाच आलाय. तीस वर्षं करतेय मी हे, रस्त्यात कुणी ओळखत नाही मला. वाण्याशी मी भांडले तर वाणी म्हणतो, बाई, तुमचा आवाज कुठेतरी ऐकलाय. बस, एवढंच." तिने एक टाका मोजून घेतला. "पण पिक्चर तुझं आहे. बघू तुझं काय होतं."

बोनेल्ली पेन्सिलीसारखा बारीक माणूस होता आणि बोलायचाही टोचून. चित्रपटाचा तो तुकडा दोन्ही टोकांनी चिकटवून गोल केलेला होता, म्हणजे जिन्यातली सेत्तीमिया यायची, तोंड उघडायची, मिटायची आणि पुन्हा यायची. तिच्याकडे बघता बघता माइकपाशी उभ्या सेत्तीमियाला वाटलं, ही बाई आपली वाट बघून कंटाळलीये. पहिल्या वेळी ती उशिरा बोलली. पडद्यावरचं तोंड मिटलं आणि मग खोलीत 'निवतंय' ऐकू आलं. "एक," बोनेल्ली म्हणाला. दुसऱ्या वेळी वेळ जमली, पण आवाज काढताना तिला काय झालं कोण जाणे, तिने तो मऊ केला. जिना चढताना ओचा सावरावा तसा सावरला, थोडा मखमली, थोडा आतून, वेल्लेत्रीच्या नणंदेला आवडला असता असा. बोलून होताच तिच्या कानांच्या पाळ्या तापल्या. बाकावरून एलिदे म्हणाली, "माझी नक्कल करू नकोस. ती मी तुझ्याहून बरी करते." काचेपलीकडचा माणूस पहिल्यांदाच हसला. "दोन," बोनेल्ली म्हणाला आणि घड्याळ पाहिलं. "सिन्योरा वित्तोरी, तुम्ही तयार राहा." एलिदे खरोखरच उठली, स्वेटर बाकावर ठेवून माइकजवळ आली. तिच्या अंगाला कपड्यांत ठेवायच्या लव्हेंडरचा वास येत होता. सेत्तीमिया जागची हलली नाही. तिला पोस्टर आठवलं, मुळे आठवले, भिंतीला टेकलेली आई आठवली आणि ती स्वतःशी म्हणाली, ह्या पडद्यावरच्या बाईला हे कसं म्हणायचं ते माझ्याचकडून कळलंय, मग मी तिच्या तोंडाकडे बघत का उभी आहे? ती वळली. पडद्याकडे पाठ केली आणि समोरच्या भिंतीकडे, तिथे अंगण असावं तसं पाहिलं. "अहो, हे काय?" बोनेल्ली ओरडला. "पाठ फिरवून कोण डब करतं?" "फिरवा," ती म्हणाली. यंत्र सुरू झालं. तिने जिन्यात घेतला होता तसा श्वास घेतला आणि हाक मारली. सावरली नाही, पुसली नाही. खडी, धूळ, जे काय होतं ते सगळं त्या हाकेत आलं आणि मऊ पडद्यांच्या त्या खोलीला ती अंमळ मोठीच झाली. बोनेल्लीने तोंड उघडलं, पण काचेमागच्या माणसाने बोट वर केलं. त्याने तुकडा आवाजासकट पुन्हा लावला. जिन्यातली बाई आली, बोलली, गेली. अक्षर न् अक्षर जागेवर होतं. "बसलं," तो माणूस म्हणाला. त्याचा अख्ख्या दिवसातला तो एकच शब्द. बोनेल्ली पुटपुटला, "वेळ बसली, ठीक आहे. पण कानाला कसं लागतं ते?" एलिदे सुया पिशवीत भरत होती. "लागू दे की," ती म्हणाली. "कानाला लागायलाच केलंय ते." जाताना तिने सेत्तीमियाच्या दंडाला जोरात चिमटा काढला. प्रेमाने काढला की रागाने, हे कळायला मार्ग नव्हता. निळा डाग मात्र आठवडाभर राहिला.

लांदूच्चीने शब्द पाळला, दोन्हीकडून पाळला. आवाज ठेवला आणि तोरिनोचं काम व्हितेर्बोच्या एका मुलीला दिलं. जानेवारीत मंडईच्या कोपऱ्यावर त्या येणाऱ्या चित्रपटाचं पोस्टर लागलं, दीड वीत अक्षरांत, त्या मुलीच्या नावाचं. सेत्तीमिया रोज त्याच्यावरून कामाला जायची. पहिले काही दिवस तिने रस्ता बदलून पाहिला. मग रस्ता बदलायचा सोडून दिला, कारण वळसा लांबचा होता आणि तिने काही चोरलं नव्हतं. दुसरं कुठलं बोलावणं आलं नाही. येणार नाही हे तिला कँटीनमध्येच कळलं होतं. कळलेली गोष्ट प्रत्यक्ष झाली तरी वाईट वाटायचं राहत नाही, आणि तिला वाईट वाटलं. कित्येक संध्याकाळी वाटलं. पण तिला परत कुणी तो मुळ्यांचा सोमवार दिला असता तर ती पुन्हा तेच बोलली असती, याबद्दल तिच्या मनात कधी शंका आली नाही.

फेब्रुवारीत गिरणीकामगाराचा चित्रपट त्यांच्या वस्तीतल्या थिएटरात लागला. रविवारी दुपारी ती आईला म्हणाली, "चल, सिनेमाला जाऊ." आईने सुईतला दोरा दातांनी तोडला. "माझं डोकं दुखतंय." "अजून दुखत नाहीये. चल." "त्या परक्या बाईला ऐकायला?" "एकदाच चल. पुन्हा म्हणणार नाही." कारण सांगायचं नाही, असं तिने ठरवलं होतं. सांगितलं असतं तर आई कान टवकारून बसली असती आणि परीक्षकासारखी ऐकत राहिली असती. सेत्तीमियाला परीक्षा नको होती. आईला आपणहून कळतं का, एवढंच तिला हवं होतं, आणि नाही कळलं तर काय, हा विचार तिने दुपारभर जवळ येऊ दिला नाही. थिएटर भरलेलं होतं. सिगारेटचा धूर, संत्र्याच्या सालींचा वास, मागच्या रांगेत कुणीतरी भोपळ्याच्या बिया फोडत होतं. आई पहाटेपासून बटणं लावत होती, एका लग्नाचे सहा वेस्टकोट होते. अंधार झाल्यावर दहाव्या मिनिटाला तिची मान पुढे आली. सेत्तीमियाने तिला हलवलं, "आई, जागी राहा." "जागी आहे," आई म्हणाली आणि पुन्हा झोपली. पाठमोरी बादली नेण्याचा प्रसंग आला आणि गेला. सेत्तीमियाने आईच्या खांद्याला पुन्हा हात लावला, पण ती आता चांगलीच घोरत होती, ओठ जरासे उघडे, हात मांडीवर, बोटं सुईच्या सवयीने किंचित वाकलेली. एवढं सगळं हिच्यासाठी केलं आणि ही झोपलीये. सेत्तीमियाला रडू यायला लागलं आणि त्याबरोबर हसूही. मग पडद्यावर जिना दिसला आणि तिने हात काढून घेतला, कारण आता उशीर झाला होता.

"ये आता. सूप निवतंय. किती वेळ हाका मारायच्या?"

भल्यामोठ्या अंधारात तो आवाज गेला, आणि मागून एक पुरुष म्हणाला, "अरे देवा, काय घसा आहे!" कुणी तरी खिदळलं. पण तेवढ्यात सेत्तीमियाच्या शेजारची खुर्ची कुरकुरली. आई डोळे मिटलेलेच ठेवून म्हणाली, "आले गं, आले," आणि पायाने सपाता चाचपत, खुर्चीच्या हाताला धरून उठून उभी राहिली. थिएटर हसत सुटलं. "बसा आजी, सूप पडद्यावर आहे!" बियावाला ओरडला. "आम्हालाही वाढा थोडं!" आई अंधारात उभी होती, हसणारे लोक तिला दिसत नव्हते. तिने पडद्याकडे पाहिलं, पण जिना केव्हाच गेला होता, तिथे गिरणीचं फाटक होतं. मग ती वाकली आणि सेत्तीमियाच्या तोंडाकडे अगदी जवळून पाहत राहिली.

"हाक तू मारलीस ना?" तिने विचारलं.

"हो आई," सेत्तीमिया म्हणाली. "मीच मारली."